गुरुवारचा प्रयोग

हेस्टर ट्रेविनचं पुढे फार नाव झालं. तिने टेलिव्हिजनवर नाटकं केली, मालिका केल्या, राजवाड्यात जाऊन पदक घेऊन आली. त्या पदकाची पेटी तिच्या मांजराने पहिल्याच आठवड्यात सोफ्याखाली ढकलली, आणि ती बरेच दिवस तिथेच राहिली. नवी पोरं विचारायची, बाई, तुम्ही हे सगळं शिकलात कुठे? ती सांगायची, "एका गुरुवारी." पोरांना वाटायचं म्हातारी थट्टा करतेय. पण ती खरंच सांगत होती.

दुसरं महायुद्ध संपून दहा-अकरा वर्षं झाली होती तेव्हाची, इंग्लंडातली ही गोष्ट. नाटक फितीवर साठवून ठेवायची सोय नव्हती. रविवारी संध्याकाळी नट स्टुडिओत उभे राहायचे आणि ते बोलतील ते त्याच क्षणी देशभरच्या बैठकीच्या खोल्यांत ऐकू जायचं. शिंक आली तर शिंकही जायची. आणि तेच नाटक गुरुवारी पुन्हा, पहिल्या वाक्यापासून शेवटच्या वाक्यापर्यंत, नव्याने करायचं. रविवारी केलेली चूक गुरुवारी सुधारता यायची, किंवा दुसऱ्यांदा करता यायची. दोन्ही प्रकारचे लोक या धंद्यात होते.

हेस्टर त्या वेळी अडतीस वर्षांची होती. कॉर्नवॉलच्या एका पाद्र्याची मुलगी, उंच, मोठ्या हातापायांची, आणि टोपी घातली की ती हमखास तिरकी बसणारी. सहा वर्षं तिने स्टुडिओच्या जमिनीवर, कॅमेऱ्यांच्या तारांमध्ये उभं राहून काढली होती. तिच्या हातात नाटकाची प्रत असायची आणि अंगठ्याखाली एक बटण. नट शब्द विसरला की ते बटण दाबायचं. दाबलं की घरोघरी जाणारा आवाज बंद. मग नटाला मोठ्याने वाक्य सांगायचं, आणि तो सावरला की बटण सोडून द्यायचं. घरी बसलेल्यांना वाटायचं आपलाच टेलिव्हिजनचा डबा बिघडला. ते उठून त्याला दोन थपडा मारायचे, तोवर आवाज परत आलेला असायचा, आणि त्यांना आपल्या थपडांचा अभिमान वाटायचा.

सहा वर्षांनी तिला पहिलं नाटक दिग्दर्शनाला मिळालं. ते सहज मिळालं नव्हतं. नाट्यविभागाचे प्रमुख सँडिलँड्स यांच्या दारात तिने इतक्या चकरा मारल्या होत्या, की शेवटी त्यांनी एक जुनं नाटक तिच्यापुढे सरकवलं. "मिस ट्रेविन, हे करून दाखवा. जमलं तर पुढची तीन देतो. नाही जमलं तर तुमचं बटण कुठे पळून गेलेलं नाही."

नाटक घंटा ओतणाऱ्या एका म्हाताऱ्याचं होतं. त्याचा मुलगा लढाईतून पळून गेलेला. गावात तोंड दाखवायला जागा नाही म्हणून बापाने तो मेला असं सांगून टाकलेलं. आणि एका संध्याकाळी, बाप चहाला बसलेला असताना, तो जिवंत मुलगा दारात उभा राहतो. मग बापाचं लांबलचक भाषण. आधी शिव्या, मग शाप, मग रडारड आणि शेवटी क्षमा. लेखक मरून वीस वर्षं झाली होती, आणि भाषणं लांब लिहिण्याची त्याची हौस त्याच्याबरोबर गेली नव्हती.

बापाच्या कामासाठी हेस्टरने लायोनेल ऑर्मरॉडना धरलं. ऑर्मरॉड म्हणजे लँकेशरचा जुना रंगभूमीचा वाघ. त्यांचा आवाज असा, की बोल्टनच्या थिएटरात बोलले तर बाहेर ट्रामची वाट पाहणाऱ्यांना फुकटात नाटक ऐकू यायचं. हेस्टर वयाच्या विशीत त्यांच्याच नाटकमंडळीत पडदे ओढत असे, आणि तेव्हापासून ते तिला 'पोरी' म्हणत. आता त्यांची सत्तरी आली होती, काम कमी झालं होतं, आणि सगळे हेस्टरला सांगत होते, की हा माणूस घेऊ नकोस, याला वाक्यं राहत नाहीत. हेस्टरने ऐकलं नाही. तिला दुसऱ्या कुणाचा चेहरा त्या खुर्चीत दिसतच नव्हता.

रविवारी जे व्हायचं तेच झालं.

भाषणाच्या तिसऱ्या ओळीला ऑर्मरॉड थांबले. बटण आता आयव्ही पॅजेटच्या हातात होतं. आयव्ही मूळची रंगभूमीवरची, तीस वर्षं पडद्याआडून वाक्यं पुरवलेली बाई. तिने बटण दाबलं आणि वाक्य सांगितलं. ऑर्मरॉड हलले नाहीत. तिने पुन्हा सांगितलं. तरी नाही. ऑर्मरॉडना डाव्या कानाने ऐकू येत नाही हे त्यांनी कुणाला सांगितलं नव्हतं, आणि आयव्ही त्यांच्या डाव्या अंगाला उभी होती. तिसऱ्यांदा ती ओरडली तेव्हा ते दचकले, एक वाक्य बोलले आणि पुढचं विसरले. मग काय, एक वाक्य तिने सांगायचं, एक त्यांनी म्हणायचं. शाळेतल्या पाढ्यांसारखं ते भाषण शेवटाला गेलं. आणि तेवढा सगळा वेळ बिचाऱ्या आयव्हीचा अंगठा बटणावर होता. देशाने नाटकाचा सगळ्यात मोठा प्रवेश मुका पाहिला.

स्टुडिओच्या वर लोखंडी जिन्याने गेलं की काचेची खोली होती. तिथे पडद्यांसमोर बसून हेस्टर कॅमेरे चालवत होती. तिच्याही खोलीत आवाज बंद झालेला. खाली टेलिफोनवर बसवलेल्या बायकांकडे असा गजर सुरू झाला, की त्यांच्यापैकी एकीने हातमोजे काढून टेबलावर आपटले. ब्रिस्टलहून, लीड्सहून, कुठकुठून लोक विचारत होते, आमचा डबा बिघडलाय की तुमचा? सँडिलँड्स हेस्टरच्या मागे उभे होते.

पण हेस्टर तेव्हा दुसरंच पाहत होती. पडद्यावर ऑर्मरॉडचा चेहरा होता. एरवी त्या चेहऱ्यावर चाळीस वर्षांची नाटकी सवय बसलेली असायची. भुवई उचलायची, ओठ थरथरवायचे, शेवटच्या बाकापर्यंत पोचेल असं रडायचं. आणि आता शब्द गेले तसं ते सगळंच गेलं होतं. राहिला होता एक घाबरलेला म्हातारा. तो समोरच्या पोराकडे बघत होता, काहीतरी बोलायचंय आणि येत नाहीये म्हणून डोळ्यांनी गयावया करत होता. बापाला बोलता येत नाही, हीच तर त्या नाटकाची गोष्ट होती. लेखकाने चार पानं लिहून ती बुजवून टाकली होती.

हेस्टर त्या रात्री घरी जाऊन रडली, हे खरं आहे. पण रडतानाही तिला तो चेहरा दिसत होता.

सोमवारी सकाळी सँडिलँड्सनी तिला बोलावलं. टेबलावर त्यांचा चहा होता आणि शेजारी एकच बिस्किट. तिच्यासाठी काही मागवलेलं नव्हतं, त्यावरून तिने काय ते ओळखलं.

"बसा, मिस ट्रेविन. मी तुमच्यावर ओरडणार नाही. माझ्या बायकोनेच काल डब्याला थपडा मारल्या आणि मी घरी गेल्यावर मला सुनावलं, तेव्हा ओरडून झालंय सगळं."

"चूक माझी आहे, साहेब."

"चूक ऑर्मरॉडची आहे, आणि त्याला घेण्याची तुमची. ब्रिस्टलला एक नट आहे, त्याने हेच काम गेल्या साली केलंय. भाषण तोंडपाठ. उद्या सकाळच्या गाडीने येतो म्हणाला. गुरुवारी तो उभा राहील, सगळं सुरळीत होईल आणि तुमची तीन नाटकं तुम्हाला मिळतील. यात विचार करण्यासारखं काय आहे?"

खरंच काही नव्हतं. शहाणी बाई असती तर आभार मानून उठली असती. हेस्टर उठली, पण तिने आभार मानले नाहीत.

"मला दुपारपर्यंत वेळ द्या," ती म्हणाली.

ऑर्मरॉड लंडनमध्येच केनिंग्टनला एका विधवेकडे भाड्याच्या खोलीत राहत होते. दार उघडलं तेव्हा तळलेल्या हेरिंग माशांचा वास जिन्यापर्यंत आला. पलंगावर त्यांची बॅग उघडी होती आणि ते तिच्यात शर्ट कोंबत होते. घडी न घालता.

"ये पोरी," ते म्हणाले. "प्रेताला भेटायला आलीस ना? टोपी नीट कर मग."

"कुठे निघालात?"

"बोल्टनला. बहीण आहे तिथे. तिच्याकडे कोंबड्या आहेत. कोंबड्यांना वाक्यं सांगावी लागत नाहीत."

"तुम्ही मला कानाचं सांगितलं नाहीत, मिस्टर ऑर्मरॉड. आयव्हीने सांगितलं तेव्हा कळलं मला."

त्यांनी हातातला शर्ट खाली टाकला. मग म्हणाले, "सांगितलं असतं तर घेतलं असतंस?"

"घेतलं असतं. आयव्हीला उजवीकडे उभं केलं असतं, एवढंच."

एक मोजा हातात घेऊन ते खुर्चीवर बसले. हेस्टरने खोलीतली दुसरी खुर्ची ओढली आणि बसली.

"गुरुवारी तुम्ही उभे राहणार आहात," ती म्हणाली. "आणि भाषण करणार नाही आहात."

"म्हणजे?"

"ते भाषण मी काढून टाकतेय. चारही पानं. मुलगा दारात येईल. तुम्ही त्याच्याकडे बघाल. उठाल, दुसरा कप घ्याल, त्याच्यासाठी चहा ओताल आणि म्हणाल, 'ये, बस.' संपलं नाटक."

ऑर्मरॉड लाल झाले. "मुका करतेस मला? पोरी, मी बोललो म्हणून माणसं आली! मी तोंड उघडलं की बोल्टनमध्ये बायकांना मूर्च्छा यायची!"

"बोल्टनमध्ये गॅसचे दिवे होते. मूर्च्छा त्यानेच यायची."

"तू माझ्यावर दया करतेयस."

"अजिबात नाही," हेस्टर म्हणाली, आणि तिला राग आला होता हे तिच्या आवाजावरून कळत होतं. "दया करायची असती तर तुम्हाला कोंबड्यांकडे पाठवलं असतं. माझी नोकरी आहे यात. ब्रिस्टलचा माणूस तयार बसलाय, भाषण पाठ करून. पण काल तुमचं तोंड बंद झालं आणि मी पहिल्यांदा तुमचा चेहरा पाहिला. वीस वर्षं ओळखते तुम्हाला, तो चेहरा कधी दिसला नव्हता. थिएटरात तो कुणाला दिसलाच नसता. माझा कॅमेरा इथे असतो." तिने आपला मोठा पंजा त्यांच्या नाकासमोर धरला. "एवढ्यावर. तुम्हाला काही पोचवायचं नाहीये. मीच तुमच्यापर्यंत येतेय."

ऑर्मरॉडनी तो पंजा बाजूला केला आणि हातातला मोजा पायात चढवला.

"आणि 'ये, बस' पण विसरलो तर?"

"दोन शब्द आहेत."

"पोरी, मी माझ्या बायकोचं नाव विसरलो होतो. लग्नात. चर्चमध्ये."

सँडिलँड्सना तिने दुपारी सांगितलं. त्यांनी चष्मा काढला, पुसला आणि पुन्हा घातला. "हातचं सोडून पळत्याच्या पाठी लागताय तुम्ही. पण नाटक तुमचं आहे, मी मध्ये पडणार नाही. फक्त एवढं लक्षात ठेवा. गुरुवारी खालचे टेलिफोन रविवारसारखे वाजले, तर शुक्रवारी सकाळी तुमच्या हातात पुन्हा प्रत आणि बटण असेल. आणि मग ते कायमचं."

"कबूल," हेस्टर म्हणाली.

तालमी एका चर्चच्या मागच्या सभागृहात चालायच्या. जमिनीवर खडूने भिंती आखलेल्या, दाराच्या जागी दोन खांब, आणि चुलीच्या जागी कुणाचीतरी पेटी. मुलाचं काम करणारा केनेथ लाडलो चांगला पोरगा होता, पण त्याला भाषण गेल्याचं फार दुःख झालं होतं, कारण भाषणाला त्याची उत्तरं होती. सगळ्यात जास्त त्रास दिला तो आयव्हीने.

"त्या प्रवेशात मी बटण दाबायचं नाही म्हणजे?" ती कमरेवर हात ठेवून म्हणाली. "आणि तो अडकला तर?"

"अडकू दे."

"अगं बाई, तीस वर्षं मी बुडणाऱ्याला दोरी टाकत आलेय. आता काठावर उभं राहून बघत बसू?"

"हो. माझ्यासाठी."

"तू दिग्दर्शक झालीस आणि तुला शिंगं फुटली," आयव्ही म्हणाली, आणि तिने आपल्या पिशवीतून एक बनपाव काढून अर्धा हेस्टरला दिला. "खा. तोंड बघ कसं झालंय."

बुधवारी प्रवेश ठीक झाला, पण नुसताच ठीक. ऑर्मरॉड दुसरा कप घ्यायचे, चहा ओतायचे, "ये, बस" म्हणायचे. शब्द बरोबर, जागा बरोबर. पण भुवई परत आली होती. हेस्टरने दोनदा सांगितलं, मग सांगायचं बंद केलं. सांगितलेली भुवई आणखी वर जाते, हे तिला बोल्टनपासून माहीत होतं. त्या रात्री तिच्या मनात आलं, की आपण एका म्हाताऱ्याला आणि स्वतःला एकाच वेळी खड्ड्यात घातलंय, आणि ब्रिस्टलची गाडी आता निघून गेली आहे.

गुरुवार आला. दिव्यांच्या उष्णतेने नटांच्या चेहऱ्यांवरचा रंग वितळायला लागला, कॅमेरेवाल्यांनी बाह्या दुमडल्या. काचेच्या खोलीत हेस्टर मधल्या खुर्चीत, तिच्या उजवीकडे बटणं दाबून एका कॅमेऱ्यावरून दुसऱ्यावर दृश्यं बदलणारी बाई, डावीकडे आवाजाचा माणूस आणि मागे भिंतीला टेकून सँडिलँड्स. त्यांनी टेलिफोनवाल्या बायकांना सांगून ठेवलं होतं, की टेलिफोन वाजायला लागले की लगेच वर कळवा. हे त्यांनी हेस्टरला मुद्दाम ऐकवलं.

नाटक सुरू झालं आणि चांगलं चाललं. हेस्टरचे कॅमेरे तिने कागदावर आखले तसे फिरले. तारा गुंतल्या नाहीत, कुणाची सावली भिंतीवर पडली नाही. ऑर्मरॉड छोट्या प्रवेशांत दोनदा चाचरले, पण आयव्ही उजवीकडे होती. मग संध्याकाळचा चहा आला, दारावर थाप पडली, आणि केनेथ दारात उभा राहिला.

ऑर्मरॉडनी त्याच्याकडे पाहिलं. उठले. दुसरा कप घेतला. किटली उचलली.

आणि थांबले.

किटली हातात धरून ते नुसते उभे राहिले. तालमीत इथे थांबायचं नव्हतं. ओतायचं, बोलायचं, संपवायचं. हेस्टरच्या कागदावर इथे मुलाच्या चेहऱ्यावर जायचं लिहिलं होतं. दृश्यं बदलणाऱ्या बाईचं बोट बटणावर आलं आणि तिने हेस्टरकडे पाहिलं.

"थांब," हेस्टर म्हणाली. "दोन नंबरच्या कॅमेऱ्यावरच राहा."

दोन नंबरच्या पडद्यावर ऑर्मरॉडचा चेहरा भरून होता. भुवई खाली होती. ओठ जरासे उघडे. डोळे पोरावर.

"गेला," सँडिलँड्स मागून म्हणाले. "शब्द गेला त्याचा. मिस ट्रेविन, सांगायला लावा."

कानातल्या फोनमधून आयव्हीचा आवाज आला, घुसमटलेला. "हेस्टर, देऊ? दोनच शब्द आहेत. देते."

आता खरं सांगायचं तर हेस्टरचाच अंगठा शिवशिवत होता. सहा वर्षांची सवय. माणूस बुडताना दिसला की हात आपोआप जायचा. हा माणूस तर तिचा होता, तिनेच त्याला पाण्यात ढकललं होतं. तो विसरलाय का? की करतोय? तिने पडद्यावर नाक टेकेल इतकं पुढे होऊन पाहिलं, आणि तिला कळलं नाही. तिला खरोखर कळलं नाही. पण ज्या बापाने आपलं पोर मेलं म्हणून सांगितलं आणि ते पोर आता दारात उभं आहे, त्या बापाला तरी काय कळत असेल?

"कुणीही काहीही करायचं नाही," ती म्हणाली. "आयव्ही, बटणावरून हात काढ. दोन नंबर, जवळ जा. आणखी जवळ."

"लोकांना वाटेल डबा बिघडला!" सँडिलँड्स म्हणाले.

"वाटू दे."

दोन नंबरचा कॅमेरा हळूहळू पुढे सरकला. कॅमेरेवाल्याने श्वास रोखला होता, हे चित्र जराही न हलल्यावरून कळत होतं. ऑर्मरॉडच्या डोळ्यांत पाणी आलं नाही. पाणी आलं असतं तर हेस्टरला ओळखता आलं असतं, कारण ते त्यांना हवं तेव्हा आणता यायचं. काहीच आलं नाही. चेहरा फक्त सैल पडत गेला, आणि तो पोराकडे बघतच राहिला.

मग त्यांनी किटली वाकवली. किटलीची चोच कपाच्या काठावर वाजायला लागली. टिक्, टिक्, टिक्. तो बारीकसा आवाज देशभर गेला, आणि डब्याला थपडा मारायला जे कुणी उठले असतील ते सगळे त्या आवाजाने खाली बसले. चहा भरला. म्हाताऱ्याने साखरेचं भांडं पुढे ओढलं. हे कागदावर नव्हतं.

"अजून दोनच चमचे ना?" ते म्हणाले.

इतक्या हळू, की आवाजाच्या माणसाने झटकन हात पुढे करून आवाज वाढवला. लायोनेल ऑर्मरॉड आयुष्यात इतक्या हळू कधी बोलले नव्हते.

केनेथकडे या वाक्याला उत्तर नव्हतं. लिहिलंच नव्हतं कुणी. हेस्टर तीन नंबरला ओरडणार तेवढ्यात तिने पाहिलं, की तीन नंबरचा कॅमेरा आधीच त्याच्यावर वळलेला आहे. "तीन!" ती म्हणाली, आणि पडद्यावर त्या पोराचा चेहरा आला. तो रडत होता, आणि नाटकातलं रडत नव्हता.

"दोनच," तो म्हणाला.

"बस मग. गार होईल."

हेस्टरने हात वर केला, संगीत सुरू झालं, नावं वर सरकायला लागली. आवाजाच्या माणसाने नाक शिंकरलं. सँडिलँड्सनी भिंतीवरचा टेलिफोन उचलला.

"किती आले?" त्यांनी खाली विचारलं. मग ऐकलं. मग म्हणाले, "बघा पुन्हा." पुन्हा ऐकलं. त्यांनी टेलिफोन जागेवर ठेवला आणि हेस्टरकडे वळले.

"एकही नाही," ते म्हणाले. "खालच्या बाईने तारासुद्धा तपासल्या. एकही वाजला नाही." त्यांनी चष्मा काढला, पण पुसला नाही, नुसता हातात धरला. "मिस ट्रेविन, तीन नाटकं तुमची. मी चुकलो होतो, आणि हे मी उद्या सगळ्यांसमोर म्हणेन. आता एकदाच म्हणतो, कारण माझा आवाज धड नाहीये."

हेस्टरला त्यांना मिठी मारावीशी वाटली. ती तिने दृश्यं बदलणाऱ्या बाईला मारली आणि तिच्या गळ्यातल्या मण्यांची माळ तुटता तुटता राहिली. इतका आनंद तिला पूर्वी कधी झाला नव्हता, आणि पुढे राजवाड्यातही व्हायचा नव्हता. लोखंडी जिना ती दोन-दोन पायऱ्या उतरली, बुटांचा ठणठणाट करत.

खाली दिवे विझवायला सुरुवात झाली होती. कॅमेरेवाले टाळ्या वाजवत होते. हे लोक एरवी कुणासाठी हात खिशातून काढत नसत. आयव्ही एका खोक्यावर बसून रुमालात तोंड घालून रडत होती आणि मधूनच "नालायक म्हातारा" म्हणत होती. केनेथ तिच्या पाठीवरून हात फिरवत होता. ऑर्मरॉड मात्र अजून त्या टेबलाशीच बसले होते, दोन कपांसमोर. हेस्टर त्यांच्याजवळ जाऊन त्यांच्या उजव्या बाजूला बसली.

"पोरी," त्यांनी हळूच विचारलं, "मला एक सांग. मी अडकलो होतो की काम करत होतो? तू वरून बघत होतीस. मला स्वतःला सांगता येत नाहीये."

"मलाही नाही सांगता आलं," हेस्टर म्हणाली. "म्हणूनच मी कॅमेरा हलवला नाही."

म्हाताऱ्याने तिच्याकडे पाहिलं. मग तो मोठ्याने हसला, त्याच्या जुन्या आवाजात. छताजवळच्या दिव्यांवर काम करणारी माणसं वाकून खाली बघायला लागली.

"पुढच्या महिन्यात दुसरं नाटक आहे," हेस्टर म्हणाली. "न्यायाधीशाचं काम आहे. तुम्ही करताय. पण त्यात बोलायचंय."

ऑर्मरॉडचं हसू थांबलं.

"किती पानं?" त्यांनी विचारलं.